मैनाबाईचा राहिलेला शॉट

मित्रांनो, मी एक जुना लाइट मीटर आहे. तुमच्या तळहातात मावेन एवढा. अंगावर एक सुई, काही आकडे आणि कपाळावर अर्ध्या चेंडूसारखा पांढरा घुमट. घुमटावर उजेड पडला की सुई चढते, सावली पडली की उतरते. मला बॅटरी लागत नाही. मला मतही नाही. सिनेमाच्या धंद्यात मत नसलेला मी एकटाच, म्हणून इतकी वर्षं टिकलो.

माझा जन्म परदेशात झाला. पण माझं आयुष्य सुरू झालं ते उत्तमरावांच्या गळ्यात. उत्तमराव भातकुलीचे. घरची वांगी, मिरच्या आणि झेंडू. कॅमेऱ्याचं शिक्षण संपवून ते मला घेऊन घरी आले, तेव्हा त्यांचे वडील पुंजाराम यांनी मला उलटंसुलटं करून पाहिलं.

"हे काय करते?"

"ऊन मोजते, बाबा."

"ऊन मोजाले मशीन कायले लागते? घाम आला का समजते."

माझ्याबद्दलचा हा पहिला अभिप्राय. पुढचेही साधारण असेच होते.

कॅमेरामन कॅमेऱ्याच्या मागे काम करतो असं लोकांना वाटतं. त्याचं अर्धं काम पुढे असतं. नट जिथं उभा राहणार तिथं जायचं, मला त्याच्या हनुवटीखाली धरायचं, सुईचा आकडा वाचायचा आणि भिंगावर लावायचा. पण उजेड जमेपर्यंत नट उभे राहत नाहीत, त्यांचे पाय दुखतात. म्हणून त्यांच्याच उंचीचं कुणीतरी त्या जागी उभं करतात. त्याला डमी म्हणतात. दिवसभर डमीवर उजेड पाडायचा, तो जमला की डमीला बाजूला करायचं आणि शॉट नटाचा घ्यायचा. अशी रीत आहे. डमीचेही पाय दुखत असतील, पण ते मोजायचं यंत्र अजून निघालेलं नाही.

उत्तमरावांचं पहिलं काम अकोल्याला मिळालं, कापसावरची एक छोटी फिल्म. जागा म्हणजे एक जिनिंग, कापसातून सरकी वेगळी करण्याचा कारखाना. महिना मे. नटी पंख्यासमोरून उठेना, म्हणून तिच्या उंचीची एक कामकरी बाई खांबापाशी उभी केली. तिचं नाव मैनाबाई. दोन दिवस ती तापल्या पत्र्याखाली उभी राहिली. मी इतक्या वेळा तिच्या हनुवटीखाली गेलो की तिचा श्वास मला ओळखीचा झाला.

दुसऱ्या दिवशी तिनं विचारलं, "भाऊ, मी दिसन का पडद्यावर?"

"दिसान ना, मावशी. शेवटी तुमचाबी एक शॉट घेतो. इथंच उभ्या राहा, हालू नका."

उत्तमरावांच्या मनात खोटं नव्हतं. पण रीळ संपलं, जीप आली, सामान चढलं. शॉट झाला नाही म्हणून कुणी 'कट'ही म्हटलं नाही. आणि 'कट' ऐकल्याशिवाय हलायचं नसतं, हे मैनाबाई दोन दिवसांत शिकली होती. जीप निघाली तेव्हा मी उत्तमरावांच्या पाठीवर लोंबकळत होतो, म्हणून मला मागचं दिसलं. ती खांबापाशी उभी होती. हनुवटी जराशी वर, माझ्यासाठी जागा ठेवून.

त्यानंतरची तीस वर्षं मुंबईत गेली. आम्ही पुष्कळ सिनेमे केले. हिरोचा चेहरा उजळ दिसला की कौतुक त्याच्या आईवडिलांचं व्हायचं आणि काळा दिसला की आमचं. एक पुरस्कारही मिळाला. त्यावर उत्तमरावांचं आडनाव चुकलं होतं. मग मोबाइलमध्येच मीटर आलं आणि मला चामडी डबीत ठेवण्यात आलं. उत्तमरावांनाही हळूहळू तसंच ठेवलं गेलं. ते अमरावतीला परत आले. डोळ्यांत काचबिंदू उतरला. शकुनबाई, त्यांची बायको, सकाळ-संध्याकाळ थेंब घालायच्या आणि म्हणायच्या, "डोये मिटा. दुनिया काई पयून नाई चालली."

दुनिया पळून गेली नाही, पण डावा डोळा गेला. उजव्यातून कापसाआडून दिसावं तसं दिसे. हे शकुनबाईंनाही माहीत नव्हतं. मला माहीत होतं, कारण सुई वाचताना ते मला नाकाला लावत.

अशात गजेंद्रचा फोन आला. गजेंद्र अकोल्याचा. वेब सिरीज काढत होता. त्याला पोस्टरवर टाकायला एक पुरस्कारवालं नाव हवं होतं. उत्तमराव हो म्हणाले. डोळ्यांचं कळलं असतं तर कॅमेरा हातातून गेला असता, आणि तो पुन्हा आलाच नसता. सहायक म्हणून त्यांनी दामिनीला घेतलं. ती अमरावतीची, त्यांच्याच हाताखाली शिकलेली; बत्तीस वर्षांची, आणि गरजेपेक्षा एक शब्द कमी बोलणारी.

शूटिंगची जागा निघाली तीच जिनिंग. आता बंद पडलेली.

दुपारचे दोन वाजले होते. ऊन मागच्या झरोक्यातून तिरपं खाली येत होतं. हिरोइन अजून मेकअपला बसलेली, खांबापाशी कुणी नव्हतं. उत्तमराव सरळ तिथं गेले, मला एका बाईच्या हनुवटीच्या उंचीवर धरलं आणि म्हणाले, "मावशी, जराशा उजवीकडे व्हा."

सगळं युनिट थांबलं. मग काही जण हसले.

गजेंद्र म्हणाला, "उत्तमराव, कोनाले सरकवून राह्यले? हवेले का?"

"या बाईले," उत्तमराव म्हणाले, आणि मग त्यांना कळलं की आपण काय बोललो. त्यांचा हात खाली आला नाही.

मित्रांनो, सगळे त्यांच्या तोंडाकडे बघत होते. माझ्याकडे कुणी बघेना. तिथल्या उजेडात माझी सुई आठावर असायला हवी होती. ती चारावर होती. माझ्यावर सावली पडली होती.

दामिनी पुढे आली. तिनं मला उत्तमरावांच्या हातातून घेतलं आणि वीतभर बाजूला धरलं. आठ. परत खांबापाशी. चार. तिनं वर पाहिलं. झरोका मोकळा होता. तिनं मोबाइलवर मोजलं. तेच.

"मीटर बिघडलं असन," गजेंद्र म्हणाला.

"दोन्ही?" दामिनी म्हणाली.

दाराशी नत्थुजी उभे होते, जिनिंगचे जुने चौकीदार. त्यांनी डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली.

"मैनाबाई हाये ते. फिल्मवाले गेले त्या दिवशी सांजलोक तितंच उभी होती. आमी म्हनलं, चाल ना बाई घरी. तं म्हने, भाऊनं हालू नको म्हनलं. ऊन लागलं तिले. आठ दिवसांत गेली. या खांबाले आमी सायकलबी टेकवत नाई."

उत्तमरावांचा वर राहिलेला हात आता खाली आला. मग ते गजेंद्रकडे वळले.

"गजूभाऊ, माह्या डाव्या डोयानं मले काईच दिसत नाई. उजवाबी चालला. तुमच्यापासून लपवलं. उद्यापासून कॅमेरा दामिनीले द्या, मी घरी जातो. आज फक्त एक शॉट घेऊ द्या."

"कोनाचा?"

"राहिलेला."

गजेंद्र नाही म्हणणार होता. पण हसणाऱ्यांपैकी आता कुणीच त्या खांबाच्या बाजूला उभं नव्हतं. तोही दोन पावलं मागे सरला. "घ्या बापा लवकर," तो म्हणाला.

दामिनीनं कॅमेरा लावला. मला तिनं एका स्टँडला बांधून खांबापाशी ठेवलं. उत्तमराव कॅमेऱ्याशेजारी उभे राहिले. चौकटीत खांब होता आणि ऊन होतं.

"मावशी, इकडे पाहा. असं. चांगल्या दिसून राह्यल्या."

कॅमेरा चालू होता. माझ्या घुमटावर वाफ धरली. बेचाळीस अंशांच्या दुपारी काचेवर वाफ धरत नाही, एवढं मला समजतं. तो श्वास माझ्या ओळखीचा होता.

"कट," उत्तमराव म्हणाले. मग हळू आवाजात, "झालं, मावशी. हाला आता. चुकलं माह्यं."

सुई चारावरून निघाली आणि सावकाश आठावर गेली.

त्या शॉटमध्ये फक्त खांब आला आहे. गजेंद्रनं तो सिरीजमध्ये घेतला नाही आणि पुसलाही नाही. पुसायला कुणी तयार होईना.

आता मी दामिनीच्या गळ्यात असतो. जुन्या वस्तू अशा वेळी सांगतात, आम्हाला ओलीपासून जपा, खाली पाडू नका. मलाही जपा, पण माझी विनंती निराळी आहे. ज्याला तुम्ही उजेडात उभं केलंत, त्याला काम झाल्यावर सांगा की झालं. दामिनी सांगते. प्रत्येक डमीचा एक शॉट घेते आणि नाव घेऊन 'कट' म्हणते. युनिट वैतागतं.

गेल्या महिन्यात ती राहिलेल्या एका सीनसाठी पुन्हा त्या जिनिंगमध्ये गेली. आधी तिनं मला खांबापाशी धरलं. आठ. मग कॅमेऱ्याच्या जागी गेली, जिथं त्या दिवशी उत्तमराव उभे होते. चार.

तिनं झरोक्याकडे पाहिलं नाही. घड्याळ पाहिलं. अमरावतीहून शकुनबाईंचा फोन त्यानंतर वीस मिनिटांनी आला, उत्तमराव गेल्याचा.

तोवर ती मला तसंच धरून उभी होती. "काका," ती म्हणाली, "झालं. कट."

सुई हलली नाही. कॅमेरामनला 'कट' ऐकून जागा सोडायची सवय नसते. तो तिथंच उभा राहून पुढचा शॉट लावतो.