पडद्यावरचा बाण
पूर्णा गावात गाडीचं पिकअप वाढवायचं तर लोक किशनरावांच्या गॅरेजवर येतात. पूर्वी ते इंजिन खोलायचे. आता गाडीला वायर जोडून लॅपटॉपवर सेटिंग बदलतात. त्यासाठीचं सॉफ्टवेअर लॅपटॉपवर बसवून देऊन त्यांचा मुलगा आदिनाथ पुण्याला नोकरीला गेला. पाठोपाठ बायको वारली. घरात आता टीव्ही तेवढा बोलतो.

आदिनाथचा फोन सणावारी, तोही मीटिंगला जाता जाता. पण एकदा लॅपटॉपवर ‘लायब्ररी लोड झाली नाही’ असा एरर आला, तेव्हा साहेब सगळी कामं टाकून हजर. त्यानं पुण्यात बसून लॅपटॉपचा ताबा घेतला आणि किशनरावांसमोर पडद्यावरचा बाण आपोआप फिरायला लागला. पोरगं शेजारी बसल्यासारखं वाटलं त्यांना. सॉफ्टवेअरला लागणारी त्या ‘लायब्ररी’ची एक फाईल हरवली होती, ती त्यानं जागेवर ठेवली. कोणती, ते किशनरावांनी नीट बघून घेतलं.

गिऱ्हाइकानं न सांगता गाडी नेऊ नये म्हणून मेकॅनिक एक फ्यूज काढून खिशात ठेवतो. किशनरावांनी तेच केलं. फारच एकटं वाटलं की ती फाईल काढून टाकायची आणि पुण्याला फोन लावायचा. लबाडीच ती, पण दुसरं काय करणार?

आज तर दत्तराव जीप घेऊन दारात उभे असताना त्यांनी फाईल काढली.

“आदी, ती लायब्ररी परत रुसली बघ.”

“पुन्हा? थांबा, बघतो.”

बाण फिरायला लागला. किशनराव खुर्ची ओढून जवळ सरकले.

“जेवलास का?”

“हो. तुमी?”

“केली भाकर. आज लय येळ लावायलास?”

“कायमचा बंदोबस्त करायलोय, बाबा. फाईल गेली तर सॉफ्टवेअरच दुसरी आणून ठेवील. आता तुमाला माझ्या मागं लागायची गरज न्हाई.”

खरं सांगून टाकावं असं किशनरावांच्या अगदी ओठावर आलं. पण बापासाठी काहीतरी केलं, याचा आनंद पोराच्या आवाजात होता. तो त्यांच्यानं मोडवेना.

“बरं झालं,” ते म्हणाले.

फोन बंद झाला. बाण जिथल्या तिथे थांबला. किशनरावांनी लगेच ती फाईल पुन्हा काढली आणि सॉफ्टवेअर सुरू केलं. ते झटक्यात उघडलं.

“पोरगं लय हुशार हाय तुमचं,” मागून दत्तराव म्हणाले.

“हाय,” म्हणून किशनराव वायर घेऊन जीपकडे गेले.