पिकॅनचा झीलकरी

लावेल ग्रिग्झला आयुष्यात एकच काम धड जमलं, आणि तेसुद्धा दुसऱ्याच्या ओळीच्या टोकाला. रॉस्को ओळ म्हणायचा आणि शेवटचा शब्द आला की लावेल मागून तो असा हाणायचा की पुढच्या रांगेतल्या बाया दचकायच्या. रॅप करणाऱ्याला दम घ्यायला तेवढीच फट मिळते. मागे झीलकरी नसेल तर भलाभला गडी चार ओळींत धापा टाकायला लागतो. ज्यांना हे कळत नाही ते लावेलला ‘मागं उभा राहून बोंबलणारा’ म्हणायचे. म्हणू देत. त्यांच्या तोंडाला कोण लागणार?

रॉस्को टिलमन म्हणजे आमच्या टॅलोना गावाचा रॅपवाला; सगळे त्याला पिकॅनच म्हणायचे. आजीच्या दारातल्या झाडाचे पिकॅन, म्हणजे अक्रोडासारखी फळं, ज्या पोत्यांत भरायचे, त्याच पोत्यांत कॅसेटी भरून दोघं जण मेम्फिसपासून मोबीलपर्यंत हिंडले. न्हाव्याच्या दुकानाबाहेर गाडी लावायची, डिकी उघडायची, आतून ठेका सोडायचा. कॅसेट घेणाऱ्याला वर मूठभर पिकॅन फुकट. रेकॉर्डिंग कुठं, तर चुलतभावाच्या घरी, कपडे धुवायच्या खोलीत. पहिल्या कॅसेटीत एका ठिकाणी वॉशिंग मशीन घरघरताना ऐकू येतं. लोकांना वाटलं, काहीतरी नवीन वाद्य आहे!

त्याच कॅसेटीत ‘झाड’ होतं. मिसिसिपीतल्या आमच्या या भागात असा माणूस मिळायचा नाही, ज्याला ते माहीत नाही.

*आजीच्या दारात पिकॅनचं झाड,*
*त्याच्याखाली शेरीफची पडली धाड.*
*भाऊ माझा पळाला, लागला नाही हाती,*
*सकाळी तो दिसला, तोंडात होती माती.*

तो भाऊ म्हणजे रॉस्कोचा थोरला, डॅरिल; त्या धाडीच्या रात्री खरोखरच गेलेला. गाणं पुढं बरंच लांब आहे. पण या चार ओळी झाल्या की मैदानातले बाप्ये टोप्या काढायचे.

मग अटलांटाहून एका कंपनीचा माणूस आला. पांढरे बूट घालून, आमच्या चिखलात! त्याला ते गाणं हवं होतं, कायमचं, मालकीहक्कानं. रॉस्कोनं त्याला तळलेला कॅटफिश खाऊ घातला, गरम कॉर्नब्रेडवर लोणी फासून दिलं आणि हात पुसत म्हणाला, “आजीचं झाड आहे ते. विकायचं नाही.”

“अरे येड्या, तो झाड कुठं मागतोय? गाणं मागतोय!” लावेल किंचाळला.

“एकच आहे ते,” रॉस्को म्हणाला.

पांढरे बूट आल्या वाटेनं परत गेले. लावेल पुढं कित्येक महिने रॉस्कोशी धड बोलला नाही. टायरच्या दुकानात कामाला लागला आणि प्रत्येक गिऱ्हाइकाला ऐकवत राहिला, “या पिकॅनच्या झाडापायी मी इथं चाकं चढवतोय, नाहीतर आज अटलांटात बंगला असता.” पण शनिवार आला की हात धुवून, धुवट शर्ट घालून रॉस्कोच्या मागं हजर. ठेका सुरू झाला की सगळा राग कुठल्या कुठं. अशी पंचवीस वर्षं गेली.

इस्टरनंतर रॉस्कोला झटका आला. गाडी धुत होता, पाइप हातात तसाच, आणि खाली कोसळला. जीव वाचला. उजवा हात गेला आणि बोलणं गेलं. डोकं शाबूत होतं, सगळं कळत होतं, माणसं ओळखत होता. शब्दच सापडत नव्हते. एक तेवढा राहिला होता. च्यायला.

योलांडानं, म्हणजे त्याच्या बायकोनं विचारलं, “जेवतोस?” तर च्यायला. “पाय दुखतो का?” च्यायला. चर्चचे पाळक त्याच्यासाठी प्रार्थना करायला आले, डोळे मिटून लांबलचक प्रार्थना केली, शेवटी ‘आमेन’ म्हणाले, तर रॉस्को भक्तिभावानं म्हणाला, “च्यायला.” योलांडा आत जाऊन हसली आणि मग तिथंच चुलीपाशी उभी राहून रडली.

लावेल रोज कामावरून तिकडंच जायचा. गाडी ठेवायच्या शेडमध्ये दोघं बसायचे. एक बोलायचा, दुसरा च्यायला म्हणायचा. एकदा लावेलला बोलायला काहीच उरलं नाही, तेव्हा तो बर्फाच्या पेटीवर बोटांनी ठेका वाजवत बसला. जुनाच ठेका. वाजवता वाजवता सवयीनं तोंडातून निघून गेलं, “झाड.”

“आजीच्या दारात पिकॅनचं झाड,” रॉस्को म्हणाला.

स्वयंपाकघरात योलांडाच्या हातातलं घेवड्याचं भांडं खाली पडलं. ती तशीच ओल्या हातांनी धावत आली. “रॉस्को? काय म्हणालास? पुन्हा म्हण ना!”

“च्यायला,” रॉस्को म्हणाला, आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं.

“धाड,” लावेल घाईघाईनं म्हणाला.

“त्याच्याखाली शेरीफची पडली धाड!”

तर असं होतं. ओळीचं शेपूट आधी हातात दिलं की रॉस्को अख्खी ओळ ओढून काढायचा, बिळातला सरडा काढावा तशी. शेपूट नाही मिळालं तर काही नाही. आणि शेपटं तर लावेलकडंच होती! पंचवीस वर्षं त्यानं दुसरं केलं काय होतं?

त्यातच जुलैत ड्यूइट आला. सप्टेंबरातल्या लेबर डेच्या मेळाव्याची सगळी उठाठेव हा पोरगा करतो. मनानं चांगला, जीभ मात्र सैल. म्हणाला, “पिकॅनकाका, यंदा स्टेजवर तुमचा मोठा फोटो लावतो. खाली फुलं. दोन मिनिटं सगळे शांत उभे राहू.”

“मेलाय का तो?” लावेल म्हणाला.

“तसं नाही हो लावेलकाका, मान म्हणून—”

रॉस्कोनं डावा हात खुर्चीच्या दांड्यावर असा आपटला की ड्यूइट मागं सरला. मग त्यानं त्याच हाताचं बोट स्वतःच्या छातीवर ठेवलं आणि तिथून मैदानाच्या दिशेनं नेलं. मी. तिथं. उभा. दुसरं काही समजायला जागाच नव्हती. जिवंतपणी फुलं वाहून घ्यायची, की गावासमोर उभं राहून ते गाणं म्हणायचं, एवढाच सवाल होता. रॉस्कोनं उत्तर दिलं होतं.

तालीम सुरू झाली. लावेल कानाशी शेपूट सांगायचा, रॉस्को ओळ म्हणायचा, लावेल ती झेलायचा. जीभ जड होती, काही अक्षरं चावली जायची, पण आवाज त्याचाच, तोच खर्ज. ऑगस्टच्या घामात दोघं गाणं पूर्ण म्हणायला लागले. शेजारपाजारचे कुंपणापाशी येऊन उभे राहायचे आणि गाणं संपलं की निघून जायचे.

योलांडानं एकदा लावेलला बाजूला घेतलं. “ऐक माझं. अख्खं गाणं तू पण पाठ कर. ठेक्यावर. तो अडकला तर तुला उचलता यायला हवं.”

“मी? त्याची ओळ?”

“मग काय झालं?”

“योलांडा, झीलकऱ्यानं म्होरक्याची ओळ घ्यायची नसते. तो मेला तरच घेतात. तो समोर उभा असताना मी सुरुवात करू? लोक म्हणतील, लावेल टपूनच बसला होता.”

“लोक गेले खड्ड्यात! त्याला एकटा पडू देऊ नकोस एवढंच सांगतेय.”

“पडणार नाही तो,” लावेल म्हणाला. त्याला राग आला होता. आणि खरं सांगायचं तर थोडं बरंही वाटलं होतं, कारण आता त्याच्याशिवाय रॉस्कोचं पान हलत नव्हतं.

मेळाव्याला सगळं टॅलोना लोटलं. शेगड्यांवर बरगड्या भाजत होत्या, म्हाताऱ्या घडीच्या खुर्च्यांवर पंखे हलवत होत्या, घराण्याघराण्यांचे एकाच रंगाचे शर्ट. शिकागोला गेलेली माणसंही गाड्या भरभरून आली होती. रॉस्कोला दोघांनी धरून वर नेलं, तेव्हा मैदानातून एकच आरोळी उठली. योलांडा स्टेजच्या पायरीवर हात घट्ट धरून बसली होती. ठेका सुरू झाला.

“झाड,” लावेल रॉस्कोच्या कानात म्हणाला.

“आजीच्या दारात पिकॅनचं झाड!”

मैदान पेटलं. लावेलनं दुसरं शेपूट दिलं. “त्याच्याखाली शेरीफची पडली धाड!” आली, तीही नीट आली. योलांडा उभी राहिली.

आणि तिथंच घात झाला. लोकांना गाणं सापडलं होतं. आता त्यांना कोण थांबवणार? प्रत्येक मेळाव्यात ते हेच करत आले होते. ओळीचा शेवटचा शब्द आला की हजार गळे एकदम. स्वतः रॉस्कोच त्यांच्यापुढं माइक धरायचा. आरडाओरडा असा चालला होता की लावेल कानाशी तोंड नेऊन “हाती! हाती!” ओरडला तरी रॉस्कोनं मान हलवली. ऐकू येत नव्हतं. ठेका पुढं पळत होता. तिसऱ्या ओळीचं टोक आलं तसा लोकांनीच टोला हाणला, “हाती!”

तो मात्र रॉस्कोला ऐकू आला. शेपूट मिळालं तशी त्यानं ओळ धरली, पण तोवर ढोल चौथ्या ओळीवर पोचला होता. “भाऊ माझा पळाला, लागला—” आणि समोरून आलं, “माती!” रॉस्कोनं ती ओळ सोडून ही धरायला पाहिली. दोन्ही सुटल्या. त्यानं वळून लावेलकडं पाहिलं, जत्रेत बोट सुटलेलं पोर बघतं तसं.

लावेलनं माइक तोंडाशी नेला. आता घ्यायची. आता घेतलीच पाहिजे, गेले मानपान चुलीत. हजारदा ऐकलेली पाचवी ओळ होती. त्यानं तोंड उघडलं आणि आत काही नव्हतं. कानात होतं, जिभेवर नव्हतं. ओळीच्या सुरुवातीला लावेल ग्रिग्झ आयुष्यभर श्वास घेत आला होता. आताही त्यानं श्वासच घेतला. आणि टोक आल्यावर, लोकांबरोबर, जे येत होतं तेच ओरडला.

“वाट!”

मध्ये नुसता ढोल.

“खाट!”

नुसता ढोल.

“चूल! मूल!”

लोक बेभान झाले होते. पिकॅन आपल्याकडून म्हणवून घेतोय असं त्यांना वाटलं. म्हाताऱ्या खुर्च्यांवरून उठून नाचल्या. मधल्या मोकळ्या जागेत काय असायला हवं होतं ते कुणालाच आठवलं नाही, कुणाला त्याची उणीवही भासली नाही. डॅरिल कुठं पळाला, कुणाच्या खाटेवर कोण रडलं, काही नाही. त्या सगळ्याच्या मधोमध रॉस्को टिलमन माइक पोटाशी धरून उभा होता आणि त्याच्या तोंडाचा उजवा कोपरा थरथरत होता. गाणं संपेपर्यंत तो तसाच उभा राहिला.

ड्यूइट उड्या मारत वर आला. “काय डोकं चालवलंत काका! अख्खं गाणं आमच्याकडून म्हणवून घेतलंत! पुढच्या वर्षी पण असंच करायचं हं!”

“च्यायला,” रॉस्को माइकमध्ये म्हणाला. सगळं मैदान प्रेमानं हसलं.

तिघं गाडीतून घरी निघाले. घराजवळ आल्यावर योलांडा म्हणाली, “सांगितलं होतं मी तुला.” लावेलनं मान खाली घातली. दुसऱ्या दिवशी शेडमध्ये बसून त्यानं पेटीवर ठेका धरला आणि “झाड” म्हटलं, तर रॉस्कोनं तोंड फिरवलं. तिसऱ्या दिवशीही तेच. आठवड्यानं लावेलनं पेटी वाजवायचं सोडलं. नोव्हेंबरात, थँक्सगिव्हिंगच्या सणाच्या तोंडावर रॉस्कोला दुसरा झटका आला. त्यानंतर तो पलंगावरच राहिला.

मग मात्र लावेल शिकला. टायरच्या दुकानात जुनी कॅसेट लावून, पान्याच्या ठोक्यावर, एकेक सुरुवात घोटत बसायचा. गिऱ्हाइकं म्हणायची, “काय लावेल, आता तू होणार का पिकॅन?” तो कॅसेट मागं फिरवून पुन्हा लावायचा. हे आधी केलं असतं तर, हा एकच विचार त्याला दिवसभर खात होता.

गाणं जिभेवर बसलं तेव्हा नाताळ होऊन गेला होता. त्यानं पलंगाशी खुर्ची ओढली. योलांडा उशी सरळ करत होती, ती दारापाशी जाऊन थांबली.

“रॉस्को,” लावेल म्हणाला, “सुरुवात मी करतो. मागं तू ये. बघ हं.” त्यानं पलंगाच्या लाकडावर ठेका धरला. “आजीच्या दारात पिकॅनचं...”

आणि थांबला. रॉस्कोचे डोळे त्याच्यावर होते. ओठ हलले.

“झाड.”

“झाड!” लावेलनं लाकडावर थाप मारली. “शाब्बास रे माझ्या वाघा! त्याच्याखाली शेरीफची पडली...”

“झाड.”

लावेलची बोटं अडखळली, पण ठेका त्यानं सोडला नाही. “भाऊ माझा पळाला, लागला नाही...”

“झाड.”

“सकाळी तो दिसला,” लावेल म्हणाला, आता अगदी हळू, “तोंडात होती...”

रॉस्कोनं तोंड उघडलं आणि मिटलं. चुकतंय हे त्याला कळत होतं. ज्या माणसानं एका शब्दासाठी रात्र रात्र जागून ओळी बदलल्या होत्या, त्याला कळणार नाही? त्याच्या डोळ्यांत शब्द होता, तिथवर आलेला होता. डावा हात चादरीवर आपटत त्यानं पुन्हा जोर लावला.

“झाड,” तो म्हणाला. आणि मग, “च्यायला.”

योलांडा दारातून बाहेर निघून गेली. लावेलनं शर्टाच्या बाहीनं रॉस्कोच्या हनुवटीवरची लाळ पुसली, मग स्वतःचे डोळे पुसले.

“चालतंय,” तो म्हणाला. “आजीच्या दारात पिकॅनचं...”