डुक्करवेड

लावणीला बाया वाकल्या की सेंगदावचा हात सगळ्यांच्या पुढं. पण मधीच ती थांबायची. रोपं हातात तशीच, नजर कुठंतरी लागलेली, पापण्या तेवढ्या फडफडायच्या. हाक मारली तर ओ नाही. क्षणात पुन्हा कामाला लागायची, आणि आपण थांबलो होतो हे तिच्या गावीही नसायचं. तिची सासू बुआलॉय दंडाला चिमटा काढून म्हणायची, "सून म्हणून खांब आणलाय मी घरात."

त्या सकाळी मेकाँग नदीवरनं काळं आभाळ चढत होतं. पाऊस यायच्या आत वावर उरकायचं म्हणून कुणी मान वर काढत नव्हतं. एकाएकी सेंगदावच्या घशातून रेडकासारखा आवाज निघाला, अंग लाकडासारखं ताठलं आणि ती तोंडघशी चिखलात पडली. मग हातपाय झडायला लागले.

"डुक्करवेड!" शेजारच्या वावरातली खाम्फिऊ म्हणाली. "लांब व्हा गं. फेस लागला तर आपल्यालाबी जडंल."

हे भ्या गावात जुनं होतं. असल्या माणसाचं भांडं वेगळं, अंथरूण वेगळं. बाया मागं सरत बांधावर चढल्या. बुआलॉयही सरली. पाणी गुडघाभरसुद्धा नव्हतं, पण नाक बुडायला वीतभर पुरतं. सुनेच्या तोंडाशी बुडबुडे येत होते, ते विरळ व्हायला लागले. बुआलॉयनं ते बघितलं आणि तिचा पाय बांधावर ठरेना. तिनं पाण्यात उडी घेतली, काखेत हात घालून पोरीला वर ओढलं, कुशीवर वळवलं, तोंडातला चिखल बोटानं काढायला गेली तर दातखीळ बसलेली. कुणीतरी वरनं बांबूची काडी फेकली, दातात घाल म्हणाली. काडी काही आत शिरेना. बुआलॉयनं ती भिरकावली आणि सुनेचं डोकं मांडीवर धरून बसली. लाळेबरोबर चिखल आपसूक बाहेर आला. झटके ओसरले, घोरल्यासारखा श्वास लागला. बऱ्याच वेळानं सेंगदावनं डोळे उघडले. सासूला ओळखायलाही तिला वेळ लागला.

सेंगदावच्या नवऱ्यानं ट्रॅक्टरवर घालून दोघींना तालुक्याच्या दवाखान्यात नेलं. डाक्टरीण पडण्यापेक्षा त्या थांबण्याचंच जास्त खोदून विचारत होती. मग म्हणाली, दोन्ही एकाच आजाराची रूपं. मेंदूत वीज चमकल्यासारखं होतं, कधी नुसती शुद्ध हरपते, कधी सगळं अंग झडतं. कुणी नुसतंच तोंड चघळतं, कपडे चाचपतं, पण भानावर नसतं. भूत नाही, लाळेनं लागत नाही. गोळी रोज घ्यायची, चुकवायची नाही. विस्तव आणि पाणी, दोन्हींजवळ एकटीनं जायचं नाही. झटका आला तर कुशीवर घ्यायचं, दाबून धरायचं नाही, तोंडात काही घालायचं नाही.

बुआलॉयनं एकच विचारलं, "मी तिला चिमटं काढायची. त्येनं वाढलं का?"

डाक्टरीण नाही म्हणाली. तरी परतीच्या वाटेवर बुआलॉय सुनेचा दंड चोळत राहिली.

पुढची पाळी खाम्फिऊच्या वावराची होती. आज तू माझ्या वावरात, उद्या मी तुझ्या, अशी पडजी; जाणं भाग होतं. दुपारी पावसानं झोडपलं म्हणून सगळ्या खोपीत जेवायला बसल्या. भाताची टोपली मधोमध, आणि सेंगदावला लांब बसवून तिच्यापुढं केळीच्या पानावर भाताचा वेगळा गोळा ठेवलेला. पोर मुकाट्यानं घास मोडायला लागली. बुआलॉय उठली, तिच्या शेजारी जाऊन बसली, तिच्या हातातला अर्धा खाल्लेला गोळा घेतला, आंबवलेल्या माशाच्या चटणीत बुडवला आणि खाल्ला.

"जडायचं आसतं तर मला तवाच जडलं आसतं," ती म्हणाली. "कोपरापतूर फेसानं भरलं हुतं माझं हात."

दोघीतिघी हात झाडून पावसातच निघून गेल्या. बाकीच्या आपापल्या घासाकडं बघत राहिल्या. खाम्फिऊ मात्र सरकत सरकत जवळ आली. आवाज इतका खाली, की पावसात जेमतेम ऐकू यावा.

"अक्का, तुझा ल्योक सांगत हुता, ती डाक्टरीण तोंड चघळायचं म्हणली, खरं का? आमचं धनी नावंत जाळं टाकता टाकता थांबत्यात. वठ हालत्यात, सदऱ्याची गुंडी चाचपत्यात. म्या समजायची, दारू." तिनं मनगटानं डोळे पुसले. "कुणाला बोलू नगंस."

बुआलॉयनं तिच्याकडं बघितलं. तिला पुष्कळ काही ऐकवता आलं असतं, आणि ते तोंडावर आलंही होतं.

"आत्ता कुठं हायती त्ये?"

"नदीवर."

"एकलंच?"

खाम्फिऊनं मान डोलावली. बुआलॉयनं हात धुतले, कमरेचं नेसण वर खोचलं आणि सुनेला बाकीच्या बायांबरोबर घरी जायला सांगितलं.

"चल," ती खाम्फिऊला म्हणाली. "आदी त्येस्नी नावंतनं उतरवू. रडायचं मागनं."