टपालकाकांनी लिहिलेला ठराव

मित्रांनो, मी तारखेचा एक जुना शिक्का आहे. शाईच्या डबीत दिवसातून तीसदा बुडून माझं तोंड कायमचं निळं झालं आहे. एका अरुंद गल्लीतल्या कारागिराने मला घडवलं. त्याने माझ्यावर 'आवक' हा शब्द उलटा कोरला, कारण शिक्का उलटा असला तरच कागदावर सुलटं उमटतं. तारखेसाठी फिरते रबरी पट्टे बसवले, आणि मी एका सहकारी दूध संस्थेच्या कार्यालयात रुजू झालो.

तिथे मला टपालकाका भेटले. त्यांचं खरं नाव कुणी घेतच नसे. आलेलं पत्र उघडायचं, त्यावर मला उमटवायचं, वहीत नोंदवायचं आणि योग्य टेबलावर पोचवायचं, हे त्यांचं काम. रोज सकाळी ते माझी तारीख बदलत आणि जुन्या टूथब्रशने माझ्या अक्षरांतली शाई काढत. एवढी बडदास्त नव्या जावयाचीही होत नसेल! त्यांचं अक्षर घोटीव होतं, म्हणून समितीच्या सभेचं इतिवृत्तही त्यांच्याकडूनच लिहून घ्यायची रीत होती. एकोणीस वर्षं आम्ही जोडीने काम केलं. त्यांची मुलगी परिचारिकेचं शिक्षण घेऊ लागली, तेव्हा त्यांनी सगळ्या कार्यालयाला चहा पाजला होता.

मग ते पत्र आलं. सहकारी संस्थांवर देखरेख ठेवणारा एक सरकारी अधिकारी असतो, त्याला निबंधक म्हणतात. त्याचा हुकूम होता की संस्थेत माणसं जास्त आहेत, टपालाचं पद तीस दिवसांत रद्द करा आणि बाकीच्यांचे पगार सोबतच्या तक्त्याप्रमाणे ठेवा. काकांनी ते उभ्या उभ्याच वाचलं. मला वाटलं, आता हे पत्र खणात जाणार. पण आलेला कागद दडवणं त्यांच्या रक्तातच नव्हतं. स्वतःच्या मुळावर आलेल्या त्या पत्रावर त्यांनी मला नेहमीसारखं सरळ उमटवलं आणि ते सचिवांकडे नेऊन दिलं.

सचिवांना कायदा कळत होता. त्यांनी समितीला समजावलं, की निबंधक हिशेब तपासू शकतो, नियम मोडला तर जाब विचारू शकतो. पण माणसं किती ठेवायची आणि पगार किती द्यायचा हे ठरवणं संस्थेचं काम, त्याचं नव्हे. तसं उत्तर पाठवू या, असं ते म्हणत होते. पण अध्यक्षांनी ते ऐकलं नाही. निबंधक आपली समितीच बरखास्त करील या धास्तीने त्यांनी पद रद्द करायचं ठरवलं. बरं, घाबरलात तर घाबरलात. पण घाबरलो हे कुणाला दिसायलाही नको होतं त्यांना!

"ठरावात त्या पत्राचा उल्लेख नको," ते म्हणाले. "लोक म्हणतील, अध्यक्ष भ्याले. आपणच ठरवलं असं लिहा."

इतिवृत्त लिहायला रीतीप्रमाणे टपालकाकाच बसले होते. मान वर न करता त्यांनी एवढंच विचारलं, "'स्वतःहून' लिहू, की 'स्वेच्छेने'?"

"स्वेच्छेने लिहा. बरं दिसतं."

काकांनी तसं लिहिलं. समितीने हात वर करून ठराव मंजूर केला. मी पलीकडच्या टेबलावर होतो, आणि मला तर तोंड असून बोलता येत नाही.

महिनाअखेरीस काका गेले. त्यांनी न्यायालयात दाद मागितली, पण तिथे तारखांवर तारखा पडत गेल्या. तीन वर्षं लोटली. मुलीने शिक्षण अर्ध्यावर सोडलं आणि ती कपड्यांच्या दुकानात उभी राहू लागली. इकडे पत्रं ज्याच्या हाती येतील तो उघडी. माझी तारीख आठवड्यातून कधीतरी बदले. बुधवारचं पत्र सोमवारी आलं, असं खोटं मला कितीदा सांगावं लागलं!

शेवटी निकाल आला. सचिवांनी स्वतः माझी तारीख लावून त्यावर मला उमटवलं आणि काकांना बोलावून घेतलं. माणूस पार खंगला होता. सचिव वाचू लागले. पदं आणि पगार ठरवण्याचा अधिकार निबंधकाला नाही, त्याचा हुकूम बेकायदा आहे. काकांनी डोळे पुसले. त्यांना वाटलं, आपण जिंकलो. मला तर वाटलं, उद्या सकाळी टूथब्रश येणार!

पण खाली आणखी एक परिच्छेद होता. संस्थेच्या ठरावात त्या हुकमाचा उल्लेखच नाही. संस्थेने पद स्वेच्छेने रद्द केलं आहे, आणि तो अधिकार संस्थेला आहे. म्हणून ठराव कायम.

काकांनी इतिवृत्ताची वही मागून घेतली. पान काढलं आणि 'स्वेच्छेने' या शब्दावर बोट ठेवलं.

"हे तर मीच लिहिलंय," ते म्हणाले.

काका वही जागेवर ठेवून निघून गेले, ते पुन्हा आले नाहीत.

मित्रांनो, जुन्या वस्तूंना जपा, असं मी आता तुम्हाला सांगायला हवं. पण माझं काय, मी खणात पडून राहीन. उद्या तुम्ही मोठ्या खुर्च्यांवर बसाल. भीती तुम्हालाही वाटेल, कुणाला वाटत नाही? तेव्हा धाकाने काही केलंत, तर 'धाकाने केलं' एवढं तरी लिहून ठेवा. त्या एका ओळीने आमच्या काकांचं घर वाचलं असतं.