हील म्हणजे झाकणे

मित्रांनो, मी एक जुने क्रियापद आहे. दचकू नका. छत्री, खुर्ची, फाटके पुस्तक यांची मनोगते तुम्ही शाळेत लिहिली असतील. त्यांना निदान दांडी, पाय, पाने तरी असतात. मला यातले काहीच नाही. मला लागते एक बोलणारे तोंड आणि समोर एक समजणारा कान. दोन्ही असले की मी जिवंत. त्यातले एक गेले की मी नुसता आवाज.

माझे नाव हील. भाषा इंग्रजी. मुक्काम डेव्हनमध्ये, डार्टमूरच्या माळाच्या काठावरचे वेदरकूम गाव. माझा अर्थ झाकणे. व्याकरणाच्या बाईंनी तुम्हाला सकर्मक क्रियापद शिकवलेच असेल, तसे मी आहे. नुसता कर्ता असून माझे भागत नाही, कर्मही लागते. कोणीतरी कोणालातरी झाकावे, तेव्हा कुठे मी घडते. याला माझा स्वभाव म्हणा, नाहीतर माझे नशीब म्हणा.

माझा जन्म केव्हाचा ते मला सांगता येणार नाही. शब्दांची पाचवी कोणी पूजत नाही. हजार वर्षांपूर्वी मी होते, एवढे नक्की. आमचे घराणे मोठे. तुमचे वडील स्कूटर चालवताना डोक्यात घालतात ते हेल्मेट आमच्या दूरच्या भावकीतले. इंग्रजीतला नरक, म्हणजे 'हेल', तोही आमच्यातलाच, कारण तो जमिनीखाली झाकलेला. भावकीत एखादा असा निघतोच, त्याला काय करणार!

वेदरकूममध्ये माझे दिवस फार चांगले गेले. छपरावर कौले चढवली की माणसे म्हणत, घर हीलले. तिथली कौले पूर्वी मुले शाळेत ज्या पाटीवर लिहीत तिच्या काळ्या दगडाची, ओकच्या लाकडी खुंट्यांनी टांगलेली. बटाट्याच्या सरीवर माती ओढली की बटाटे हीलले. झोपलेल्या पोराच्या अंगावर रजई सारखी केली की पोर हीलले. घर, शेत आणि अंथरूण, तिन्हीकडे मीच. छपरे करणाऱ्या कारागिराला लोक माझ्याच नावावरून हेलियर म्हणत. पुढे ते आडनाव झाले. मी त्या काळी जरा ताठ्यात होते, हे कबूल करते.

पण फ्रान्समधून आलेले एक क्रियापद हळूहळू माझ्या जागेवर बसले. त्याला तुम्ही चांगले ओळखता. जूनमध्ये वह्यापुस्तकांना तपकिरी कागदाचे घालता ना, तेच ते कव्हर. गोडबोले, शहरी, सगळ्यांच्या तोंडी चटकन बसणारे. त्यात माझी आणखी एक अडचण होती. वर्गात प्रकाश नावाची तीन मुले असावीत तसे इंग्रजीत आम्ही तीन हील आहोत. एक हील म्हणजे पायाची टाच. दुसरा म्हणजे बरे करणे, रोग घालवणे. आणि तिसरी मी. लिहिताना आम्ही वेगळे, पण कानाला अगदी सारखे. टाच सगळ्यांना असते, बरे व्हावेसे सगळ्यांनाच वाटते, म्हणून त्या दोघांना कधी काही कमी पडले नाही. हाक मारली की तेच उठून उभे राहत आणि मी मागच्या बाकावर तशीच बसून राही.

एकेक म्हातारे माणूस गेले. तरुण माणसे एक्झेटरला, प्लिमथला नोकरीला गेली आणि तिथलीच भाषा घेऊन सुट्टीत परत आली. शेवटी मला जाणणारी दोनच माणसे वेदरकूममध्ये उरली. थर्झा हेलियर आणि तिचा धाकटा भाऊ ज्यूबल. दोघांचीही लग्ने झाली नव्हती. एकाच बोळात दोघांची घरे समोरासमोर होती. ज्यूबल वडिलांप्रमाणेच छपरे हीलायचा.

दोन माणसे म्हणजे एक तोंड आणि एक कान. तेवढे मला पुरेसे होते. पण तेही टिकायचे नव्हते.

एका वादळात थर्झाच्या छपराची अर्धी कौले उडाली. पाटीच्या दगडाची खाण तोवर बंद पडली होती. ज्यूबलने आठवडाभर खपून तिच्या घरावर पन्हाळी पत्रे ठोकले, खाली उतरला आणि हात झटकत म्हणाला, "घे. हीललं तुझं घर."

थर्झा अंगणात कमरेवर हात ठेवून उभी होती. "याला तू हीलणं म्हणतोस? डब्याला झाकण बसवलंयस नुसतं! बाबांनी बघितलं असतं तर तुझी शिडीच काढून घेतली असती."

"बाबांनी पाट्या तरी कुठून आणल्या असत्या? आभाळातून?"

"पाऊस आला की हे डोक्यावर ताशासारखं वाजणार. मी झोपू कशी?"

"कानात कापूस घाल."

"कानात कशाला? तुझ्या तोंडात घालते, म्हणजे आळीला पण शांतता मिळेल."

इथवर सगळे नेहमीचेच होते. बहीणभाऊ लहानपणापासून असेच बोलत. पण ज्यूबलच्या हाताला पत्र्याने कापले होते, तो दमला होता, आणि बाबांचे नाव निघाले होते. तो म्हणाला, "मग राहा उघडी!"

"राहीन!" थर्झा म्हणाली.

तो बोळ ओलांडून आपल्या घरात गेला. त्यानंतर तो तिच्या दारात आला नाही आणि तिनेही त्याला बोलावले नाही. वर्षांमागून वर्षे गेली. पाववाल्याला थर्झा म्हणे, "त्या समोरच्याला सांगा, त्याची कोंबडी माझ्या कोबीत शिरते." पाववाला बोळ ओलांडून निरोप सांगे. ज्यूबल म्हणे, "तिला सांगा, कोंबडीला चांगला कोबी कळतो." दोघेही हे इतक्या मोठ्याने बोलत की पाववाल्याची गरजच नव्हती. पण त्या निरोपांत मी कधी नसे. थर्झा बटाट्याच्या सरींशी एकटीच बोलताना मला वापरी. ज्यूबल रात्री अंथरुणात पडल्यावर रजई ओढत मला पुटपुटे. बटाटे काही उत्तर देत नाहीत आणि रजईही देत नाही. टाळी एका हाताने वाजत नाही हे तुम्ही भांडणाबद्दल म्हणता. मित्रांनो, भाषेचेही तसेच आहे. त्या वर्षांत मला जेवढे एकटे वाटले तेवढे कधी वाटले नव्हते.

मग एका फेब्रुवारीत थर्झाच्या छातीत कफ झाला आणि ताप चढला. जिल्ह्याकडून नर्स कॉलिस आली. तरुण, कामसू, मनाने चांगली मुलगी, पण लंडनची. न्यूमोनियाच्या रोग्याला मोकळी हवा हवी, असे तिला शिकवले होते. तिने खोलीच्या दोन्ही खिडक्या उघडल्या, थर्झाची ठिगळाठिगळांची जाड रजई घडी करून खुर्चीवर ठेवली आणि अंगावर एक पातळ चादर राहू दिली.

दुपारी थर्झाला हुडहुडी भरली. तिचे दात वाजत होते. ती म्हणाली, "मला हील कर, पोरी."

नर्स कॉलिसने तिचा हात हातात घेतला. "हो आजी, नक्की. तुम्ही ठणठणीत बऱ्या होणार आहात बघा."

"तसं नाही गं. हील कर मला. हील कर."

"आजी, धीर धरा. बरं व्हायला वेळ लागतो."

ती बिचारी दुसऱ्याच हीलला उत्तर देत होती. थर्झा रजईकडे बघत होती, पण हात उचलण्याचे त्राण तिच्यात नव्हते. नर्स पाणी उकळायला स्वयंपाकघरात गेली. थर्झा तापाच्या भरात मला पुन्हा पुन्हा म्हणत राहिली. मी त्या गार खोलीत भिंतींवर आपटत होते. एका माणसाला पांघरूण हवे होते आणि ते मागायला त्या तापात तिला माझ्याशिवाय दुसरा शब्द सुचत नव्हता. माझा अर्थ कोणाला कळत नाही म्हणून ती कुडकुडत होती. मला माझीच लाज वाटली.

समोरच्या अंगणात ज्यूबल सरपण फोडत होता. खिडक्या उघड्या होत्या म्हणून मी बोळापर्यंत पोहोचले. कुऱ्हाडीचा आवाज थांबला. बराच वेळ काहीच झाले नाही. ज्यूबल हट्टी माणूस, आणि बोळ अरुंद असला तरी त्याला तो ओलांडायची सवय राहिली नव्हती.

मग दार वाजले. तो चिखलाच्या बुटांनी सरळ आत आला. त्याने खुर्चीवरची रजई उचलली, झटकली, थर्झाच्या अंगावर घातली, हनुवटीपर्यंत ओढली, मग पायाशी जाऊन दोन्ही बाजूंनी आत खोचली. छप्पर करणाऱ्याचे हात होते ते, कुठे फट राहू देणारे नव्हते.

"हीललं," तो म्हणाला.

थर्झाने डोळे उघडले. "किती वर्षं लावलीस रे?"

"कोणी हाक मारली नव्हती."

"मारली ना आता."

"ती नर्सला मारलीस. मला नाही."

"तिला कुठे येतं आपलं बोलणं, गाढवा," थर्झा म्हणाली. "अख्ख्या गावात ते कोणाला कळतं?"

ज्यूबल खिडकीकडे वळला. त्याने खिडक्या लावून घेतल्या. नर्स कॉलिस किटली घेऊन आली आणि खवळली. "हे काय? खिडक्या कोणी लावल्या? आणि तो चिखल!"

"थंडी वाजतेय तिला," एवढेच तो म्हणाला, आणि खुर्ची ओढून तिथेच बसला.

थर्झा त्या आजारातून उठली. नंतरचे महिने माझ्या म्हातारपणातले सोन्याचे दिवस. एप्रिलमध्ये दोघांनी मिळून बटाटे लावले. थर्झा स्टुलावर बसून हुकूम सोडी, "ती सरी नीट हील, शेवटचे दोन उघडेच राहिलेत," आणि ज्यूबल म्हणे, "दिसतंय मला, डोळे आहेत." मी एका तोंडातून निघून दुसऱ्या कानात जाई, तिथून परत येई. तुम्ही मित्राशी चेंडू खेळता ना, तसे. मला वाटले, आता काही काळजी नाही.

ऑक्टोबरमध्ये थर्झा झोपेतच गेली. चर्चच्या आवारात सगळे जमले. खड्डा बुजवणाऱ्याने फावडे उचलले तेव्हा ज्यूबल पुढे झाला आणि म्हणाला, "दे इकडे. मी हीलतो तिला." त्या माणसाला शब्द कळला नाही, पण पुढे केलेला हात कळला. ज्यूबलने सगळी माती स्वतः ओढली. पाद्रीबुवा आणि गावकरी टोप्या काढून थांबले होते. मी तिथे होते, पूर्ण अर्थासह होते, आणि मला ऐकणारा कान मातीखाली जात होता.

नोव्हेंबरात थर्झाचे घर नर्स कॉलिसने भाड्याने घेतले. तिला बागेची हौस होती. एका संध्याकाळी गाडीवाल्याने तिच्यासाठी सफरचंदाची रोपे आणून टाकली. उघड्या मुळांची, गवताच्या दोरीने बांधलेली मोळी. खड्डे खणून झाले नव्हते आणि आभाळ निरभ्र होते. अशा रात्री हिव पडते आणि मुळे करपतात. ज्यूबल आपल्या फाटकाशी उभा राहून बघत होता.

"हील करा त्यांना, नर्सबाई," तो ओरडून म्हणाला. "नाहीतर सकाळपर्यंत मरतील."

मित्रांनो, थर्झाला माती दिल्यानंतर तो मला पहिल्यांदाच कोणासमोर बोलला होता.

नर्स कॉलिसचा चेहरा उजळला. "हो, हो! माझ्या बागकामाच्या पुस्तकात अगदी हाच शब्द आहे!" तिने भराभर एक चर खणला, रोपे तिरकी ठेवली, मुळांवर माती ओढली, आणि मग बुटाच्या टाचेने ती माती दाबत दाबत चरावरून चालत गेली. "टाचेनं दाबायचं, म्हणूनच त्याला हील म्हणतात, नाही का? किती सोपं!"

तिची काही चूक नव्हती. सगळे माळी आज हेच समजतात. त्यांच्या कामात मी अजून आहे, पण टाचेच्या नावावर. पोर माझे आणि हजेरीपटावर नाव शेजाऱ्याचे.

ज्यूबलने तोंड उघडले. मी त्याच्या जिभेवर येऊन उभी राहिले. आता सांगेल, मला वाटले. हील म्हणजे झाकणे. नर्सबाई, ती म्हातारी त्या दुपारी तुमच्याकडे रजई मागत होती. हे एकदा सांगितले की वेदरकूममध्ये मला पुन्हा एक तोंड आणि एक कान मिळणार होता.

तो त्या मुलीच्या आनंदी चेहऱ्याकडे बघत राहिला. तिने थर्झाची मनापासून सेवा केली होती. त्या दुपारी आपण काय चुकीचे ऐकले आणि काय केले हे तिला कळले असते तर ती जन्मभर विसरली नसती.

"हो," ज्यूबल म्हणाला. "टाचेनं. सोपं आहे."

मित्रांनो, माझा एक अर्थ मी तुम्हाला अजून सांगितलेला नाही. जुन्या काळी एखादी गोष्ट मनात ठेवणे, कोणाला कळू न देणे, यालाही हीलणे म्हणत. त्या संध्याकाळी ज्यूबलने ते केले. कर्ता तो होता आणि कर्म मी. त्याने मलाच हीलले. पुढे तोही गेला. लोकांनी त्याला नीट, रीतीप्रमाणे पुरले. हीलणारे तिथे कोणी नव्हते.

आता मी जाड शब्दकोशात राहते. नावापुढे 'क्वचित' असे लिहिलेले आहे. ते पान फारसे कोणी उघडत नाही. मला पुन्हा चालू करा असे मी म्हणणार नाही, तुमची भाषा वेगळी आहे आणि मला माझी पायरी कळते. पण तुमच्याही घरात कोणी म्हातारे माणूस एखादा असा शब्द बोलत असेल की जो पुस्तकात नाही आणि टीव्हीवर नाही. तेव्हा मान हलवून हो हो म्हणू नका. आपल्याला कळले असे समजू नका. 'म्हणजे काय?' एवढे विचारा.

नर्स कॉलिसने तेवढे विचारले असते तर ज्यूबलने सांगितले असते, मला ठाऊक आहे. त्या संध्याकाळी आपल्या घरात जाताना दाराच्या कडीवर हात ठेवून तो थोडा वेळ तसाच उभा राहिला होता.