मॅनीचा जोडीदार

एली झुकर न्यूयॉर्कच्या टेलिव्हिजनमध्ये दिग्दर्शक म्हणून नावाजला गेला, पण त्याची सुरुवात झाली थोरल्या भावाच्या, मॅनीच्या जोडीला उभं राहून. कॅटस्किलच्या डोंगरातल्या हॉटेलांत उन्हाळ्याच्या सुट्टीला आलेल्या लोकांपुढे दोघं विनोदी प्रवेश करायचे. एली गंभीर तोंडाने प्रश्न विचारायचा, मॅनी उत्तर द्यायचा, आणि टाळ्या मॅनीला पडायच्या.

दुसऱ्या महायुद्धानंतर टेलिव्हिजन आलं. एली कंट्रोल रूममध्ये शिरला आणि मॅनीला त्याने कॅमेऱ्यापुढे उभं केलं. दर शनिवारी संध्याकाळी थेट कार्यक्रम असायचा, गाणं, नाच, कसरती आणि मधे मॅनीची प्रहसनं. चुकलं तर पुसायची सोय नव्हती. कोणता कॅमेरा कधी घ्यायचा हे एलीला मॅनीच्या भुवईवरून कळायचं. घरोघरी लोक शनिवारी जेवणं लवकर उरकून पडद्यापुढे बसू लागले.

मग मॅनी विसरायला लागला. आधी एखादा शब्द, मग अख्खं वाक्य. तो अडखळला की एली चटकन दुसऱ्या नटाचा चेहरा दाखवायचा आणि वेळ मारून न्यायचा. पाहणाऱ्यांना पत्ता लागत नव्हता. मॅनीची बायको पर्ल मात्र घाबरली होती. एकदा स्टुडिओत येऊन तिने एलीला बाजूला घेतलं.

"काल मला विचारत होता, आई जेवली का," ती म्हणाली. "आईंना जाऊन किती वर्षं झाली, एली? आता थांबव त्याला."

एवढा हंगाम पार पडू दे, असं एली म्हणाला. घरी बसवलं तर तो खचेल, असंही म्हणाला. ते खोटं नव्हतं. पण मॅनीशिवाय आपल्याला कोण विचारणार, ही भीती त्याने स्वतःलाही नीट सांगितली नव्हती.

कार्यक्रमाचा खर्च एक साबण कंपनी करायची. तिच्या हॅडलीसाहेबांच्या नजरेतून काही सुटलं नाही. पुढच्या महिन्यापासून तरुण नट आणा, असं त्यांनी सौम्यपणे बजावलं. येत्या शनिवारनंतर मी स्वतः भावाला सांगतो, असा शब्द एलीने दिला.

त्या शनिवारी बुटांच्या दुकानाचं प्रहसन होतं. मॅनी दुकानदार. गिऱ्हाइकाचं काम करणाऱ्या नटाने आपलं वाक्य टाकलं. मॅनी हातात बूट धरून नुसता उभा. नटाने वाक्य पुन्हा म्हटलं. मॅनीने बूट खाली ठेवला आणि सरळ कॅमेऱ्यात पाहिलं.

"एली," तो म्हणाला, "हा माणूस कोण आहे रे?"

प्रेक्षक खो खो हसले. गाणारी बाई तयार आहे, कॅमेरा तिच्यावर नेऊ का, असं कंट्रोल रूममधल्या मदतनिसाने विचारलं. कानावरचे हेडफोन काढून एली जिना उतरला, सदऱ्याच्या बाह्या दुमडलेल्या तशाच, आणि दिव्यांच्या उजेडात जाऊन गिऱ्हाइकाच्या शेजारी स्टुलावर बसला. त्याने पाय पुढे केला.

"काय हो, हा बूट चावतोय."

मॅनीचा चेहरा उजळला. "तुम्ही त्याची काय खोडी काढलीत?"

पुढचं सगळं त्याला आपोआप आठवत गेलं. हॉटेलातला तो जुना प्रवेश दोघांनी शेवटपर्यंत केला. स्टुडिओ हसून हसून लोटपोट झाला.

गाणं सुरू झाल्यावर पडद्यामागे मॅनीने घाम पुसला आणि एलीचा हात हातात घेतला.

"छान साथ दिलीत तुम्ही," तो म्हणाला. "हल्ली अशी माणसं मिळत नाहीत. माझा धाकटा भाऊ इथे दिग्दर्शक आहे. त्याला सांगतो, तुम्हाला ठेवून घे म्हणून."

"सांगा," एली म्हणाला.

सोमवारी हॅडलीसाहेबांचा फोन आला. लोकांना प्रकार फार आवडला होता, दोघांनी दर आठवड्याला हेच करावं, असं त्यांचं म्हणणं. भावाच्या विसरण्यावर लोकांना हसवायला एलीने नकार दिला आणि त्याच दिवशी नोकरी सोडली. पुढे त्याला सकाळचा पाककृतींचा कार्यक्रम मिळाला, मग हवामानाच्या बातम्या. विनोदी काम पुन्हा कुणी देऊ केलं नाही, त्यानेही मागितलं नाही.

पर्ल मॅनीला घेऊन न्यूयॉर्कच्याच क्वीन्स भागात आपल्या बहिणीकडे राहायला गेली. एली दर रविवारी जायचा. मॅनी त्याला पाहुणा समजून खुर्ची द्यायचा. एका रविवारी तो फार वेळ खिडकीबाहेर पाहत बसला आणि म्हणाला, माझा भाऊ बरेच दिवस फिरकला नाही.

पर्लला राहवलं नाही. "अरे, हाच तो..."

एलीने तिला खुणेने गप्प केलं. "मोठा माणूस झाला असेल," तो मॅनीला म्हणाला. "विसरला असेल तुम्हाला."

मॅनी एकदम ताठ झाला. "त्याच्याबद्दल असं बोलायचं नाही," तो रागाने म्हणाला. "तुम्ही त्याला ओळखत नाही. माझा एली तसा नाहीये."

मग एलीकडे पाठ फिरवून तो पुन्हा खिडकीबाहेर पाहू लागला. पर्लने आणलेला चहा दोघांपुढे निवत राहिला.