निरोप, जेवणाआधी अर्धा तास

बाबांना पित्ताचा त्रास होता आणि आम्हाला बाबांचा. पैकी पहिल्यावर औषध निघालं.

औषधाचं नाव निरोप्राझोल. ते तुम्ही ऐकलेलं नसणार, काळजी करू नका, कुणीच ऐकलेलं नाही. मी ज्या औषधांच्या दुकानात काउंटरमागे उभी असते, तिथे हे औषध घेणारं गिऱ्हाईक एकच, आणि ते माझ्याच घरी राहतं. डॉक्टरांनी आधी चारचौघांना देतात ती साधी गोळी देऊन पाहिली होती. ती लागू पडली नाही. चारचौघांना लागू पडणारी कुठलीच गोष्ट बाबांना लागू पडत नाही, हे मी डॉक्टरांना फुकटात सांगितलं असतं.

बाबा भाषेचे मास्तर. शाळेतून निवृत्त झाले, सवयीतून नाही. मुलं त्यांना पाठीमागे 'ऱ्हस्वदीर्घ' म्हणायची आणि ते बाबांना ठाऊक होतं. त्यांची तक्रार एवढीच, की निम्मी मुलं तेसुद्धा चुकीचं लिहितात. समोरच्याचं वाक्य पूर्ण होऊ देणं त्यांना जमत नसे. तुम्ही क्रियापदापर्यंत पोचायच्या आत त्यांनी तुमचा कर्ता धरलेला असायचा.

तर अशा माणसाच्या हातात मी निरोप्राझोलची पहिली पट्टी ठेवली. त्यांनी भिंग मागवलं.

"'निरोप' तर स्वच्छ दिसतोय," ते म्हणाले. "आम्लाला निरोप देणारा, तो निरोप्राझोल. नाव ठेवणारा जाणकार आहे."

"बाबा, 'प्राझोल' हे शेपूट आहे. पोटातलं आम्ल कमी करणाऱ्या या जातीच्या सगळ्या गोळ्यांना ते लावतात. पुढचं 'निरो' कंपनीतल्या कुणीतरी बाकीची नावं संपली म्हणून चिकटवलं असेल. त्याला काही अर्थ नाही."

"ज्याला अर्थ नाही तो शब्दच नव्हे."

"मग गोळी घेऊ नका."

"घेणार. अर्थासकट घेणार."

आईला 'प्राझोल' काही केल्या म्हणता येईना. पराझूल, प्राजोळ असं सगळं करून झाल्यावर तिने पुढचा भाग ठेवला आणि मागचा टाकून दिला. आमच्याकडे गोळीचं नाव 'निरोप' पडलं. "अहो, सकाळचा निरोप राहिला." "निरोप कपाटावर ठेवलाय." "दोनच निरोप उरलेत, येताना आण गं." गोळी जेवणाआधी अर्धा तास घ्यायची, म्हणून रोज संध्याकाळी आमच्या स्वयंपाकघरातून खणखणीत आवाज यायचा, "आता निरोप घ्या बघू, किती वाट बघायची?" शेजारच्या काकू पुढे बरेच दिवस आईकडे वेगळ्याच नजरेने बघत होत्या. नवऱ्याला इतकं तोंडावर कुणी सांगत नाही.

बाबांनी मात्र या वापराला आश्चर्यकारकरीत्या हरकत घेतली नाही. दुसऱ्याने मोडतोड केली की तो भ्रष्ट शब्द. स्वतःच्या व्युत्पत्तीतून निघाला की भाषेची वाढ.

आता दादाबद्दल सांगायला हवं, कारण पुढचा सगळा गोंधळ त्याच्यावर कोसळला.

दादा लिफ्ट दुरुस्त करतो. हात सोन्याचे, पण लिहिताना न आणि ण यांतला फरक त्याला जन्मात कळला नाही. म्हणींची तर तो खिचडी करतो. भाषेच्या मास्तरांच्या पोटी असा मुलगा यावा, याला बाबा अपघात म्हणायचे. चार वर्षांपूर्वी खरोखरचा अपघात झाला. दादा लिफ्टच्या उभ्या पोकळीत काम करत असताना दोर निसटला आणि तो एका सळईला धरून लटकला. संध्याकाळी घरी येऊन, हातांना पट्ट्या बांधलेल्या, तो ते आम्हाला सांगत होता.

"आणि मी तिथे लोंबकाळत होतो, खाली बघितलं तर..."

"लोंबकळत," बाबा म्हणाले.

दादा थांबला. पुन्हा सुरुवात केली. बाबांनी पुन्हा एक शब्द सुधारला. तिसऱ्या वेळी दादा भरल्या ताटावरून उठला. खाली बघितलं तर काय, ते आम्हाला कधीच कळलं नाही.

तो दुसऱ्या गावी राहायला गेला आणि तिथून बाबांना एकच ओळ पाठवली, "मी परत येनार नाही." बाबांनी उत्तर पाठवलं, "येणार. बाणातला ण." माझं अजूनही म्हणणं आहे, की बाबांना त्यात 'ये' असं म्हणायचं होतं. पण ज्याला आयुष्यभर लाल शाई मिळाली, त्याने तिच्यातून माया वेचून काढावी ही अपेक्षा जरा जास्तच होती. चार वर्षं दोघांनी एकमेकांना ना फोन केला, ना बघितलं. आमचं घर म्हणजे स्वाभिमान्यांचं माहेरघर. मधल्या मधे आई वाळत गेली. तिने रदबदली केली की बाबा म्हणायचे, "त्याला यायचं तर दार उघडं आहे." आणि दादा म्हणायचा, "त्यांनी बोलवू दे." झालं! बसा आता.

त्या दिवशी काय झालं ते ऐका. बाबांनी गोळी घेतली की आई मला निरोप पाठवते. म्हणजे खराखुरा निरोप, फोनवर. तो आला की मी काउंटर सोडते, अर्ध्या तासात घरी पोचते आणि आम्ही एकत्र जेवतो. त्या दिवशी तिने लिहिलं:

"ह्यांनी आत्ताच निरोप घेतला. आज अजिबात त्रास दिला नाही. सगळी तयारी झाली आहे, फक्त तुझ्यासाठी थांबलोय. लवकर ये."

आणि दादाला पाठवलं.

आई रोज दुपारी फोनवर दादाच्या मेसेजचं पान उघडून त्याचा फोटो बघते, काही लिहीत नाही, आणि बंद करते. त्या दिवशी बंद करायचं राहिलं होतं. पाठवून तिने फोन आतल्या खोलीत चार्जिंगला लावला. त्याचा आवाज तिने बाबांच्या वामकुक्षीसाठी घालवला होता, तो तसाच राहिला. दादाने तिला किती फोन केले असतील, ते त्या फोनलाच माहीत. मलाही केले. पण मालकांना काउंटरवर फोन चालत नाही, म्हणून माझा खणात होता. मी तो काढला तेव्हा दादाची ओळ दिसली, "निघालो. मी येईपर्यंत थांबा."

माझ्या डोळ्यांत पाणीच आलं. आईने शेवटी त्याला जेवायला बोलावलं आणि हा शहाणा यायला निघाला! मी फोन लावला, लागला नाही. मग मी, घरातली सगळ्यात हुशार व्यक्ती, लिहिलं:

"ये रे. थांबतो. पण फार उशीर करू नकोस, जास्त वेळ ठेवलं तर खराब होईल."

मला भाजी म्हणायची होती.

घरी येऊन सांगितलं तर आई हातातल्या डावासकट खुर्चीत बसली. तिला वाटलं, मी बोलावलं. मला वाटलं, तिने. दोघींनी एकमेकींकडे कौतुकाने बघून घेतलं आणि विचारलं काहीच नाही. चांगलं घडत असलं की चौकशी करू नये, असं आमचं धोरण.

बाबा म्हणाले, "चार वर्षांनी भूक लागली वाटतं."

मग ते आत गेले आणि इस्त्रीचा सदरा घालून बाहेर आले. जेवणाच्या टेबलाशी दादाच्या खुर्चीवर रद्दीचा ढीग चढलेला होता. तो त्यांनी कुणालाही न सांगता स्वतः उचलून बाल्कनीत नेला. खुर्ची पुसली. गोळी घेऊन अर्धा तास होऊन गेला, मग आणखी एक. आई म्हणाली, तुम्ही तरी दोन घास खाऊन घ्या, पित्त चढेल. "चढू दे," बाबा म्हणाले. त्यांची नजर दाराकडे होती आणि दर थोड्या वेळाने ते स्वतःशीच ओठ हलवत होते. मला वाटलं, काय बोलायचं त्याची तयारी करताहेत. मला त्या क्षणी ते इतके आवडले, की मी तोंड फिरवून पेले मांडायला लागले.

बेल वाजली. आई उठली, पण बाबांनी तिला हाताने थांबवलं आणि दार स्वतः उघडलं.

दारात दादा. कामाचेच कपडे, हातांना ग्रीस, डोळे सुजून लाल. मयताने येऊन दार उघडलं आणि म्हटलं, "उशीर केलास."

दादाच्या हातातली पिशवी खाली पडली. मग तो बाबांचे दंड, खांदे, गाल असं सगळं चाचपायला लागला, बाजारात वस्तू पारखून घेतात तसा. आणि मग त्यांच्या गळ्यात पडून लहान मुलासारखा रडायला लागला. बाबांच्या हातांना काय करायचं ते कळेना. बरेच दिवस वापरात नसलेले हात. शेवटी एक हात दादाच्या पाठीवर जाऊन बसला.

"अरे, हो, हो," ते म्हणत होते. "साधं पित्त आहे. काही मोठं नाही." इस्त्रीच्या सदऱ्याला ग्रीस लागलं होतं. ते त्यांनी बघितलं आणि हात पाठीवरच ठेवला.

आई रडली, मीही रडले. हे इथेच संपलं असतं तर किती बरं झालं असतं.

"आईचा मेसेज..." दादा हुंदके देत म्हणाला आणि त्याने फोन पुढे केला. "आणि हिचा. खराब होईल म्हणाली..."

आम्ही वाचलं. आई "अगं बाई!" म्हणून तोंडावर हात ठेवून उभी राहिली. मला हसू फुटलं, ते काही केल्या आवरेना, आणि हसताना मी एकटीच आहे हे कळल्यावर आवरलं.

"निरोप म्हणजे गोळी?" दादा ओरडला. "गोळीला कुणी निरोप म्हणतं का? सगळा रस्ता मी... कुठल्या जगात गोळीला निरोप म्हणतात?"

"आपल्या घरात म्हणतात," आई म्हणाली. "तू इथे असतास तर तूही म्हणाला असतास."

दादाने बाहीने नाक पुसलं.

बाबांनी फोन हातात घेतला होता. हात लांब करून, मान मागे घेऊन त्यांनी तो मजकूर दोनदा वाचला. मला वाटलं, आता विरामचिन्हं निघणार. पण त्यांनी फोन परत केला आणि मघाशी पुसलेल्या खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून उभे राहिले.

"म्हणजे मी गेलो, म्हणून आलास."

जिवंत बापाकडे यायला चार वर्षं वेळ नव्हता आणि मेलेल्याकडे धावत आला, हे वाक्य कसंही फिरवलं तरी सरळ होत नव्हतं. माझ्या वडिलांचा चेहरा मी तेवढा उघडा कधी बघितला नव्हता. आणि मला दोघांचाही राग आला, खरंच आला. एवढी वर्षं दाराच्या दोन बाजूंना उभं राहून यांनी आमचा जीव खाल्ला, आणि यांना एकत्र आणायला एक मरण लागलं. तेही खोटं!

दादाने पिशवी उचलली. "मी निघतो. तुम्ही बरे आहात ना, मग झालं."

"बस," बाबा म्हणाले.

"नको."

"माणूस मेल्यावर लोक येतात तेव्हा त्यांना त्याच्याशी काहीतरी बोलायचं असतं. रस्ताभर तू ठरवलं असशील. ते बोल आणि जा."

"बाबा, आता कसं..."

"मी मेलोय असं समज. मध्ये बोलणार नाही."

दादा बसला नाही. उभ्या उभ्याच, जमिनीकडे बघत, त्याने सुरुवात केली. "आईचा मेसेज वाचला आणि माझ्या डोक्यावरची जमीन सरकली."

बाबांचे ओठ हलले. पायाखालची, पायाखालची, असं त्यांच्या गळ्यापर्यंत आलेलं मला दिसलं. त्यांनी आवंढा गिळला. निरोप्राझोलची गोळीसुद्धा त्यांनी कधी इतक्या कष्टाने गिळली नव्हती.

"बसमध्ये मी तुमच्याशी भांडत होतो," दादा म्हणाला. "मनातल्या मनात. चार वर्षांचं सगळं काढलं. तुम्ही कसे वागलात, मला काय काय बोललात. आणि तुम्ही उत्तरच देत नव्हतात. मी चुकीचं बोलत होतो तरी नाही. मुद्दाम चुकीचं बोललो, तरी नाही. मग मला कळलं, की हे आता असंच राहणार. आणि मग..."

तो अडखळला. शब्द सापडेना. बाबांना तो सापडला असणार, त्यांना सगळ्यांचे सापडतात. ते खुर्चीची पाठ घट्ट धरून उभे होते.

इतका वेळ कशीबशी उभी असलेली आई पदराने डोळे पुसत पुढे आली. "पुरे आता," ती म्हणाली. "झालं गेलं. चला, दोघं जेवायला बसा."

"थांब," बाबा म्हणाले. "त्याचं वाक्य व्हायचंय."